पैवस्तीचा शेरा आणि त्रैराशिक

जुन्या दप्तरांत मिति नसलेलीं पत्रें पुष्कळ सांपडतात. मायन्यावरून लिहिणारा व मुक्काम कळतो आणि पाठीवर पैवस्तीचा शेरा असतो. पण पत्र लिहिलें कोणत्या दिवशीं, हें कोठेंच नसतें. अशा वेळीं अंदाजानें तारीख घालून मोकळें होण्याची जी रीत पडली आहे, ती आम्हांस मान्य नाहीं. शाळेंत शिकलेलें त्रैराशिक येथें बरेंच काम देतें.

भास्कराचार्यांनीं शके १०७२ च्या लीलावतींत सांगितलेला नियम असा: प्रमाण व इच्छा एकाच जातीचीं असावीं; फलास इच्छेनें गुणून प्रमाणानें भागावें. जासूद ६० घटकांत २० कोस जात असेल, तर परभणीहून गंगाखेडचे सुमारें १२ कोस तो किती घटकांत जाईल? येथें २० कोस हें प्रमाण, ६० घटका हें फल व १२ कोस ही इच्छा. १२ व ६० यांचा गुणाकार ७२०. त्यास २० नीं भागितां ३६ घटका येतात. कोस तेवढेच राहून चाल मात्र दुप्पट झाली, तर वेळ निम्मा होतो. तेथें व्यस्त त्रैराशिक लावावें.

परंतु हा कोस कोणता? लीलावतींतील क्रोश ८००० हातांचा. हात १८ इंचांचा धरिल्यास तो सव्वादोन मैलांहून किंचित् मोठा होतो. अकबराच्या वेळचा पादशाही कोस ५००० गजांचा. मराठी पत्रांतील कोस दोन मैलांच्या आसपास धरिल्यास फारसें चुकत नाहीं, असा आमचा अनुभव आहे. तथापि एका हिशेबांत दोन जातींचे कोस येऊं देऊं नयेत.

आतां चालीचें प्रमाण आणावें कोठून? तें ज्यांच्या दोन्ही तारखा ठाऊक आहेत अशा प्रवासांवरून काढावें. उदगीरच्या मोहिमेनंतर सदाशिवरावभाऊ परतुराहून हिंदुस्थानांत निघाले. (परतूर हें १९८१ सालीं जालना जिल्हा निर्माण होईपर्यंत परभणी जिल्ह्यांतच होतें.) त्यांचें कूच १४ मार्च १७६० रोजीं झालें व ३० मे रोजीं ते ग्वाल्हेरीस पोंचले, म्हणजे ७७ दिवस. अंतर सरळ रेषेंत सुमारें २३५ कोस. रस्त्याच्या वळणांसाठीं पाव हिस्सा मिळविल्यास २९० च्या घरांत जातें. भागाकार रोजीं पावणेचार कोस. तोफा, बुणगे व यात्रेकरू बरोबर असलेल्या सैन्याची ही सरासरी आहे, मजल नव्हे. त्यांत मुक्कामाचे दिवसहि आले. ३० दिवस मुक्कामांत गेले असें मानिलें, तर उरलेल्या ४७ दिवसांची मजल सहा कोसांवर जाते.

याउलट पानिपतची लढाई १४ जानेवारी १७६१ ची, आणि तिची वार्ता नानासाहेब पेशव्यांस भेलशास २४ जानेवारीस कळली. अंतर सुमारें २०० कोस, दिवस १०; म्हणजे रोज २० कोस. हा निकडीच्या बातमीचा वेग होय. साध्या टपालास याच्या निम्मा धरावा.

या दोन वेगांमध्यें पत्राची तारीख पकडतां येते. परतूर ते पुणें वळणें धरून १०० कोस मानूं. जलद जासुदास ५ दिवस, साध्यास १० दिवस. पुण्यास २० मार्चला पोंचलेलें पत्र १० ते १५ मार्च या अवधींतलें. तें कुचापूर्वींचें कीं नंतरचें, हें गणित सांगत नाहीं, मजकुरानेंच ठरवावें. पण पैवस्ती १७ मार्चची असून आंत ‘कूच जाहलें’ असा मजकूर असेल, तर तीन दिवसांत १०० कोस, म्हणजे रोज ३३ कोसांहून अधिक चाल मानावी लागेल. अशा पत्राची पैवस्ती तरी चुकीची वाचली गेली आहे, नकल करणाराची चूक आहे, किंवा पत्रच संशयास्पद आहे. मूळ कागद पुन्हा पाहिल्याविना तें छापूं नये.

संग्राहकांच्या हातून दोन ठिकाणीं विशेष चूक होते. पहिली सरासरीची: ६० कोस रोजीं ५ प्रमाणें व पुढील ६० कोस रोजीं १० प्रमाणें गेलेल्याची सरासरी साडेसात धरितात. पण दिवस लागले १२ आणि ६, एकूण १८. १२० ला १८ नीं भागितां पावणेसातांहूनहि कमी येतात. दुसरी चूक तारखेची. मुसलमानी चंद्राचा दिवस सूर्यास्तास लागतो, आपली तिथि सूर्योदयाची. रात्रीं लिहिलेल्या पत्रावर चंद्र पुढील दिवसाचा पडतो; इंग्रजी तारीख काढितांना हें सुटलें कीं एक दिवस वाढतो. ७७ दिवसांच्या प्रवासांत त्याची मातबरी नाहीं. पण पांच दिवसांच्या जासुदकींत एक दिवस म्हणजे पांचवा हिस्सा होय, व २० कोसांची चाल तेवढ्यानेंच २५ कोसांची दिसूं लागते.