तगर नगरीत पायी फिरताना

सुत्तनिपात या प्राचीन पाली ग्रंथाच्या अखेरीस पारायणवग्ग आहे. कोसल देश सोडून दक्षिणापथात आलेला व अस्सक जनपदाच्या परिसरात गोदावरीतीरी राहणारा बावरी हा वृद्ध ब्राह्मण आपले सोळा शिष्य भगवान बुद्धांकडे पाठवितो, ही त्यातील कथा आपल्या वाचकांस परिचित आहे. नांदेडजवळ दाभड येथील बावरीनगर हे नाव त्याच बावरीचे स्मरण करून देते. या कथेतील एक भाग मात्र वाचताना आपण सहसा ओलांडून जातो. तो म्हणजे शिष्यांच्या मार्गावरील नगरांची यादी. पतिट्ठान, माहिस्सती, उज्जेनी, गोनद्ध, वेदिसा, पुढे कोसंबी, साकेत, सावत्थी असे एकेक नगर ओलांडीत ते मगधास पोहोचतात. प्रश्न विचारावयाचे तर चालत जावे लागते, आणि चालताना वाटेतील नगरे पाहावी लागतात, असेच जणू ती यादी सुचविते.

पतिट्ठान म्हणजे आजचे पैठण. दक्षिणापथातील त्याच्या जोडीचे दुसरे नगर आपल्या अगदी जवळ, लातूरच्या शेजारी आहे. पण धम्मसहलींच्या कार्यक्रमांत अजिंठा-वेरूळ येते, हे नगर क्वचितच येते. इसवी सनाच्या पहिल्या शतकात इजिप्तमधील एका ग्रीकभाषी व्यापाऱ्याने सागरी व्यापाराचे एक मार्गदर्शक पुस्तक लिहिले. ‘पेरिप्लस’ या नावाने ते ओळखले जाते. दक्षिणापथातील दोन मोठ्या बाजारपेठा म्हणून त्याने पैठण आणि तगर यांची नावे दिली आहेत. भडोच बंदरापासून पैठण वीस दिवसांच्या वाटेवर आणि पैठणपासून पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवर तगर, असे तो सांगतो. पैठणहून गोमेदासारखे खडे गाड्यांतून भडोचला जात. तगरहून जाड्याभरड्या कापडापासून तलम मलमलीपर्यंत नाना प्रकारचे कापड जाई.

हे तगर कोठले, यावर एकोणिसाव्या शतकात पुष्कळ वाद झाला. कोणी जुन्नर म्हटले, कोणी दौलताबाद. 1901 साली जे. एफ. फ्लीट यांनी तगर म्हणजे तेरणा नदीकाठचे तेर हे मत साधार मांडले आणि ते आज सर्वमान्य आहे. कोकणच्या शिलाहार राजांनी पुढे कित्येक शतके ‘तगरपुरवराधीश्वर’ ही पदवी मिरविली. तेर आज धाराशिव (पूर्वीचा उस्मानाबाद) जिल्ह्यातील एक मोठे गाव आहे. लातूरहून मुरूड-ढोकी मार्गे तेथे सहज जाता येते. नांदेडच्या मंडळींना पहाटे निघावे लागेल.

जुने शहर जाणत्या वाटाड्याबरोबर पायी पाहण्याची पद्धत अलीकडे अनेक शहरांत रुळली आहे. अहमदाबाद महापालिकेने 1997 साली काळूपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून जामा मशिदीपर्यंत अशी पदयात्रा सुरू केली, ती पुष्कळांना आदर्श वाटली. आपल्या दृष्टीने मात्र या विषयाला आणखी एक बाजू आहे. ऐतिहासिक स्थळी मोकळेपणाने हिंडण्याचा अधिकार आपल्या समाजाला मागून मिळालेला नाही. 1934 साली बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकर चळवळीतील सुमारे तीस सहकाऱ्यांसह वेरूळची बौद्ध लेणी पाहावयास मराठवाड्यात आले. हा प्रदेश तेव्हा निजामाच्या राज्यात होता. वाटेत दौलताबादच्या किल्ल्याच्या दारातील हौदावर काहींनी प्रवासाची धूळ धुतली. हौद बाटविला म्हणून जमाव जमला, शिवीगाळ झाली. अखेर किल्ला पाहण्याची परवानगी मिळाली ती आत कोठेही पाण्याला स्पर्श करावयाचा नाही या अटीवर, आणि लक्ष ठेवण्यास सोबत हत्यारबंद शिपाई देऊन. ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आठवणींत बाबासाहेबांनी हा प्रसंग नोंदविला आहे. त्या दिवशी त्यांच्याबरोबर किल्ल्यात चालणारा मनुष्य वाटाड्या नव्हता, पहारेकरी होता. जुन्या नगरात आपल्याला कोण हिंडवितो, काय दाखवितो आणि काय गाळतो, हा प्रश्न म्हणूनच आम्हांस किरकोळ वाटत नाही.

तेरची फेरी गावाभोवतीच्या पांढरीपासून सुरू करावी. जुनी वस्ती मोडून तिची माती, राख व शेणकूट यांचा जो फिकट थर साचतो त्याला मराठवाड्यात पांढर म्हणतात. तेरच्या भोवती अशी टेकाडे आहेत. माळवदावर घालण्यासाठी व शेतात पसरण्यासाठी ही माती लोक पिढ्यान्‌पिढ्या खणून नेत आले. त्यात नगराचा केवढा भाग गेला असेल, याची कल्पनाच केलेली बरी. पावसाळ्यानंतर पांढरीवर मणी, शंखाच्या बांगड्यांचे तुकडे, खापरे उघडी पडतात. त्यांतील एकही वस्तू कोणी खिशात घालू नये. मणी कोणत्या थरात, कशाशेजारी सापडला यावरच त्याचे वय ठरते. जागा सोडलेला मणी केवळ शोभेचा राहतो. 1958 साली बा. ना. चापेकर यांनी येथे उत्खनन केले आणि पुढच्या दशकात राज्याच्या पुरातत्त्व विभागानेही केले. सातवाहनकालीन समृद्ध वस्ती त्यांतून उजेडात आली. विटांनी बांधलेल्या स्तूपाचे अवशेषही मिळाले. ही शेवटची गोष्ट पुढच्या टप्प्यासाठी ध्यानात ठेवावी.

पुढचा टप्पा गावातील त्रिविक्रम मंदिराचा. येथे घाई करू नये. समोरचा सपाट छताचा मंडप नंतर जोडलेला आहे. तो क्षणभर नजरेआड करून मागची मूळ वास्तू बाजूने पाहावी. ती विटांची आहे. तिची मागील भिंत कोपरे न करता अर्धवर्तुळात वळते. छप्पर हत्तीच्या पाठीसारखे गोलाकार असून त्याच्या दर्शनी टोकाला कमान आहे. कार्ले, भाजे किंवा अजिंठ्याचे नववे-दहावे लेणे ज्याने पाहिले आहे त्याला ही आकृती ओळखीची वाटल्याखेरीज राहणार नाही. लेण्यातील चैत्यगृह आपण आतून पाहतो, कारण त्याला बाहेरची बाजूच नसते. कातळातील त्या चैत्यांनी ज्या लाकडी व विटांच्या इमारतींची नक्कल केली, त्या इमारती जवळजवळ सर्व नष्ट झाल्या. तेर येथे तोच आकार जमिनीवर उभा असलेला, बाहेरून, पाठीमागून, चोहोबाजूंनी पाहता येतो. आंध्रातील चेझर्ला येथील कपोतेश्वर मंदिर हे त्याचे दुसरे भावंड. भारतात अशा जागा हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या आहेत.

पुरातत्त्व खात्याचे हेन्री कझिन्स यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी ही वास्तू पाहिली आणि ती मुळात बौद्ध चैत्यगृह असल्याचे मत मांडले. या मताचे काय करावयाचे? मंदिरात दर्शनाला येणाऱ्या बहुतेकांना ते ठाऊक नसते. उलट आपल्यापैकी काही उत्साही मंडळी ‘हे आपले विहार’ एवढे सांगून पुढे निघतात. दोन्ही प्रकारांत पाहणाऱ्याला पुरावा कळतच नाही. अर्धवर्तुळाकार विधान हे एकट्या बौद्धांचे नव्हे. ऐहोळे येथील दुर्गा मंदिराची मागची बाजू अशीच वळलेली आहे. म्हणून केवळ आकारावरून निकाल देता येत नाही. बांधकामाच्या काळाविषयीही विद्वानांत एकमत नाही. परंतु आकार, कमानीची घडण, आणि त्याच गावात सापडलेला विटांचा स्तूप ही तिन्ही एकत्र ठेवली, तर कझिन्स यांचे मत अधिक संभवनीय ठरते, असे आम्हांस वाटते. वाटाड्याने हे तिन्ही पुरावे आणि तो एक आक्षेप, सर्व काही मंदिराच्या मागे उभे राहून पाहुण्यांपुढे मांडावे. कालाम सुत्त वाचणाऱ्यांना निकाल आयता देण्याचे कारण नाही.

आत त्रिविक्रमाची मूर्ती आहे. बळीच्या मस्तकी पाय देणारा तो विष्णू. महात्मा फुले यांनी ‘गुलामगिरी’त (1873) बळीराजाची कथा कोणत्या बाजूने सांगितली आहे, हे आपल्या वाचकांस सांगावयास नको. तरीही हे आज पूजा चालू असलेले देवस्थान आहे. पादत्राणे बाहेर काढावीत, पुजाऱ्याशी नम्रपणे बोलावे, आणि इतिहासाची चर्चा बाहेर अंगणात करावी. दौलताबादचा प्रसंग ज्यांच्या स्मरणात आहे त्यांनी तरी दुसऱ्याच्या दारात आवाज चढवू नये.

उत्तरेश्वर मंदिरही विटांचेच. त्याच्या नक्षीदार विटा जवळून पाहाव्यात. तेरची जुनी वीट पाण्यावर तरंगते, ही गोष्ट गावकरी कौतुकाने सांगतात आणि ती खरी आहे. मातीत भाताचा तूस मिसळून वीट भाजली की तूस जळून जातो, आत बारीक पोकळ्या राहतात आणि वीट हलकी होते. गोल छपराचा भार अशा हलक्या विटेमुळे भिंतींना सोसतो. चमत्कार नाही, कारागिरी आहे. तेरणेच्या काठी संत गोरोबाकाकांचे मंदिर आहे. विटा, मृण्मूर्ती आणि खापरे यांच्या या नगरात पुढे वारकरी परंपरेला एक कुंभार संत मिळावा, हा योगायोग आम्हांस नेहमी गमतीचा वाटतो.

सरतेशेवटी रामलिंगप्पा लामतुरे वस्तुसंग्रहालय. लामतुरे हे तेरचेच. पांढरीवर सापडणाऱ्या वस्तू त्यांनी आयुष्यभर जमविल्या. तो संग्रह पुढे शासनाकडे आला व गावातच राहिला. उत्तरेश्वराची कोरीव लाकडी द्वारशाखा येथे आहे. पांढऱ्या मातीच्या साच्यातून काढलेल्या मूर्ती आहेत, मणी आहेत, रोमन नाण्यांच्या धर्तीवर मातीत उठविलेली पदके आहेत. हस्तिदंताची एक लहान स्त्रीमूर्ती अवश्य पाहावी. इटलीतील पाँपेई हे नगर इसवी सन 79 मध्ये ज्वालामुखीच्या राखेखाली गाडले गेले. तेथे 1938 साली एक भारतीय हस्तिदंती मूर्ती सापडली. तेरची मूर्ती आणि जालना जिल्ह्यातील भोकरदनची मूर्ती या दोन्ही तिच्याशी मिळत्याजुळत्या आहेत. मराठवाड्यातील कारागिरांच्या हातची घडण रोमन घरापर्यंत पोहोचली असावी, असा तर्क त्यावरून केला जातो.

ज्या कापडाने तगरला कीर्ती मिळाली ते मात्र एवढ्या काळात मातीत कुजून गेले. विणकर आणि भिक्खुसंघ यांचा संबंध कसा होता, हे समजण्यासाठी नाशिकच्या दहाव्या लेण्यातील उषवदाताचा लेख उपयोगी पडतो. या शक सरदाराने गोवर्धन येथील विणकरांच्या एका श्रेणीकडे 2000 कार्षापण कायमची ठेव म्हणून ठेवले. व्याज दरमहा शेकडा एक, म्हणजे वर्षाला 240. लेण्यात वर्षावास करणाऱ्या वीस भिक्खूंना प्रत्येकी 12 कार्षापण चीवरासाठी मिळावेत, अशी ती व्यवस्था. हिशोब तंतोतंत जुळतो. मुद्दल विणकरांच्या मागावर फिरत राही आणि व्याजातून चीवरे येत. तेरच्या संग्रहालयातील खापरांसमोर विद्यार्थ्यांना हा हिशोब फळ्यावर नव्हे, तोंडी करावयास लावावा. वीस गुणिले बारा कोणालाही येते.

संपूर्ण फेरीला चार तास पुरतात. उन्हाळ्यात पांढरीवर सावली नाही, तेव्हा हिवाळ्यातील सकाळ बरी. एका वाटाड्यामागे पंधरा-वीसपेक्षा अधिक माणसे नसावीत, नाहीतर मंदिरामागच्या जागेत शेवटच्यांना काही ऐकू येत नाही. परतीच्या वाटेवर वेळ उरला तर धाराशिवजवळची लेणी पाहता येतील; ती मुळात बौद्ध की जैन, यावरही विद्वानांचा वाद आहेच.