दशांश अपूर्णांक : गुणायचं की भागायचं?

मागच्या व्याख्यानात आपण दशांशांची बेरीज-वजाबाकी पाहिली. आज गुणाकार-भागाकार. पण आकडेमोडीत आपण फार वेळ घालवणार नाही, ती मोबाईलही करून देतो. शाब्दिक उदाहरणात गुणायचं की भागायचं, हे मात्र आपल्यालाच ठरवावं लागतं. चूक होते ती तिथेच.

हे बघा. ०.७५ किलो तूरडाळीला १२० रुपये पडले, तर किलोचा भाव किती? पुष्कळ जण १२० ला ०.७५ ने गुणतात. का? तर किलोचा भाव जास्त असणार हे त्यांना बरोबर कळलेलं असतं, आणि वाढवायचं म्हणजे गुणायचं असं मनात पक्कं बसलेलं असतं. उत्तर येतं ९०. म्हणजे पाऊण किलोपेक्षा अख्खा किलो स्वस्त!

एफ्राइम फिशबाइन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८५ साली इटलीतल्या शाळकरी मुलांबद्दल जे लिहिलं, ते याच धर्तीचं होतं. पूर्णांकांवर घडलेली समजूत मुलं अपूर्णांकांनाही लावतात. गुणलं की वाढतं, भागलं की घटतं. १ पेक्षा लहान संख्या आली की हे उलटतं.

आपल्याकडे खरं तर याला उतारा होता. पावकी, निमकी, पाऊणकी हे पाढे आमच्या पिढीच्या कानावर होते. पाऊणकीत आठाचे सहाच होतात, आणि त्यात कुणाला नवल वाटत नसे. १९५७ साली दशमान नाणी आली, हिशेब सोपा झाला हे खरंच. पण हे पाढे गेले ते आमच्या मते नुकसानच.

मग करायचं काय? ०.७५ च्या जागी क्षणभर २ घाला. दोन किलोला १२० रुपये, तर किलोला किती? लगेच भागाल ना? आकडा बदलला, पण वस्तूंमधलं नातं तेच राहिलं. म्हणून १२० भागिले ०.७५, बरोबर १६० रुपये. 'पाऊण माणसात वाटणी कशी करायची?' असं कोणी विचारेल. प्रश्न रास्त आहे, पण भागाकार म्हणजे नुसती वाटणी नव्हे, मापणीसुद्धा. ६ लिटर दुधातून ०.७५ लिटरच्या किती बाटल्या भरतील? आठ. इथे कुणालाच अडत नाही.

आता औषधाचं घेऊ. ५ मिलीत १२० मिलिग्रॅम औषध आहे आणि डॉक्टरांनी ९० मिलिग्रॅम सांगितलंय. आकडेमोडीआधीच म्हणा : ९० हे १२० पेक्षा कमी, म्हणजे ५ मिलीपेक्षा कमीच द्यायचं. मग ९० भागिले १२०, म्हणजे ०.७५, गुणिले ५, म्हणजे ३.७५ मिली. टिंब एक घर सरकलं तर ३७.५ मिली होतात, आणि तेवढ्यात औषध असतं ९०० मिलिग्रॅम.