कट न मारणंही एडिटिंगच असतं : उल्ला रिघे यांचं काम

आजचा भाग एडिटिंगवर. तुमच्यापैकी अनेकजण मोबाइलवर रील कापता, जोडता. पण एक सांगा, सिनेमाच्या किती एडिटरची नावं आठवतात? बहुतेक वेळा एकही नाही. म्हणून आज स्वीडनच्या उल्ला रिघे यांच्याबद्दल बोलू.

दिग्दर्शक इंगमार बर्गमन तुम्ही ऐकला असेल. त्याचे आधीचे बरेच सिनेमे ऑस्कर रोसांडर यांनी एडिट केले. 'वाइल्ड स्ट्रॉबेरीज' (१९५७) त्यांचाच. बर्गमनने आत्मचरित्रात लिहिलंय की रोसांडरने त्याला मुळातली गोष्ट शिकवली : एडिटिंग शूटिंगच्या वेळीच सुरू होतं आणि लय पटकथेतच ठरते.

१९६१ च्या 'थ्रू अ ग्लास डार्कली'पासून एडिटिंगच्या टेबलावर रिघे आल्या. या सिनेमाला परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर मिळालं. मग १९६३ मध्ये 'विंटर लाइट' आणि 'द सायलेन्स', पुढच्या वर्षी 'ऑल दीज विमेन', १९६६ मध्ये 'पर्सोना', आणि १९६८ मध्ये 'अवर ऑफ द वुल्फ' व 'शेम'. म्हणजे आठ वर्षांत सात सिनेमे! तेही खऱ्या फिल्मवर. एका सेकंदाला २४ फ्रेम, पट्टी हातात घेऊन कापायची, चिकटवायची. चुकलं तर 'अनडू'चं बटण नाही.

आता 'पर्सोना'कडे या. एलिसाबेत ही नटी बोलणंच बंद करते. आल्मा तिची नर्स. एका प्रसंगात आल्मा तिला तिच्याच नकोशा मुलाची गोष्ट ऐकवते. साधारणपणे अशा वेळी काय करतात? थोडा वेळ बोलणारी दाखवायची, थोडा वेळ ऐकणारी. इथे तसं नाहीये. आधी अख्खं बोलणं ऐकू येतं आणि पडद्यावर दिसते फक्त ऐकणारी एलिसाबेत. मग तेच बोलणं पुन्हा पहिल्यापासून, पण या वेळी समोर आल्माचा चेहरा. शेवटी दोघींचे अर्धे-अर्धे चेहरे जोडून एकच चेहरा होतो.

शब्द तेच, तरी अर्थ बदलतो. पहिल्यांदा तो आरोप वाटतो आणि तो कुठे लागतोय ते आपण बघतो. दुसऱ्यांदा शंका येते, ही बाई दुसरीबद्दल बोलतेय की स्वतःबद्दल? आलटून-पालटून कट मारले असते तर ही शंका आलीच नसती.

बरं, हे श्रेय एकट्या एडिटरचं का? नाही. दिग्दर्शक सोबत असतो, कॅमेरामन स्वेन निक्विस्टने टिपलेले चेहरे असतात. एडिटरचा वाटा मोजायचा कसा, हीच तर पंचाईत आहे. काम चांगलं झालं की ते दिसत नाही, आणि जे दिसत नाही त्याचं नाव कोण लक्षात ठेवणार?

तर आज एक करून बघा. दोन माणसं बोलतायत असा कुठलाही सीन घ्या आणि आवाज बंद करा. कोण बोलतंय ते सोडा, कॅमेरा कुणावर थांबलाय ते बघा. तो चेहरा तुमच्यासाठी कुणीतरी निवडलाय. मग सिनेमा संपल्यावर लगेच बंद करू नका. एडिटरचं नाव येईपर्यंत थांबा.

भेटू पुढच्या भागात!