पेढ्यांची खोकी आणि भास्कराचार्यांचा ‘दुष्ट’ प्रश्न

एका क्रीडाशिक्षिकेचं पत्र आलं. शाळेच्या संचलनासाठी त्यांना तुकड्या पाडायच्या होत्या. प्रत्येक तुकडीत मुलगे सारखे, मुलीही सारख्या आणि तुकड्या होतील तितक्या जास्त. ‘हा मसाविचा प्रश्न आहे हे कळतं, पण संख्या मोठ्या असल्या की अवयव पाडतानाच आम्ही अडकतो. दुसरी वाट आहे का?’

आहे, आणि ती तेवीसशे वर्षं जुनी आहे.

समजा, २२१ मुलगे आणि १९५ मुली आहेत. (हे आकडे मी मुद्दाम निवडले आहेत, कारण पुढे येईल.) १९५ ला पाचाने भाग जातो. २२१ ला मात्र दोन, तीन, पाच, सात, अकरा, कशानेच जात नाही आणि इथेच मुलं पेन्सिल खाली ठेवतात. मग अवयवांचा नाद सोडायचा. २२१ ला १९५ ने भागा, बाकी २६. १९५ ला २६ ने भागा, बाकी १३. २६ ला १३ ने भागा, बाकी शून्य. मसावि १३. तेरा तुकड्या, प्रत्येकीत १७ मुलगे आणि १५ मुली.

हे का जमतं, ते रिबिनींवरून लगेच दिसतं. २२१ आणि १९५ सेंटिमीटरच्या दोन रिबिनी आहेत आणि दोन्हींचे सारख्या मापाचे तुकडे करायचे आहेत, काहीही वाया न घालवता. छोटी रिबीन मोठीवर ठेवा. छोटी जिथे संपते तिथे तुकडाही संपतो. म्हणजे मोठीची उरलेली २६ सेंटिमीटर त्याच मापाने पुरी कापली गेली पाहिजे. आता मोठ्या रिबिनीकडे बघायची गरजच उरली नाही! दर पायरीला प्रश्न लहान होत जातो, उत्तर मात्र तेच राहतं. इतका देखणा युक्तिवाद गणितातही क्वचित सापडतो. युक्लिडने तो ‘एलिमेंट्स’च्या सातव्या खंडात मांडला. पुढे १८४४ मध्ये गॅब्रिएल लामे या फ्रेंच गणितज्ञाने सिद्ध केलं, की लहान संख्येत जितके अंक असतील त्याच्या पाचपटीहून जास्त पायऱ्या कधीच लागत नाहीत.

आपल्याकडे युक्लिडचं नाव निदान घेतलं जातं. आर्यभटाच्या कुट्टकाचं नाव मात्र शाळेत कानावरही पडत नाही, याची मला खंत वाटते. आर्यभटाच्या आधी सुमारे आठशे वर्षं युक्लिड होऊन गेला, तेव्हा पहिलेपणाचा वाद घालण्यात अर्थ नाही. इ. स. ४९९ च्या ‘आर्यभटीया’तली करामत वेगळी आहे. कुट्टक म्हणजे कुटून बारीक करणारा. बाक्या कुटत खाली जायचं आणि मग भागाकार हाताशी धरून उलट वर चढायचं. त्यातून मसाविपलीकडच्या प्रश्नांची उत्तरं मिळतात.

असाच एक प्रश्न: हलवायाकडे ६ पेढ्यांची आणि १५ पेढ्यांची खोकी आहेत. तुम्हाला बरोबर २०० पेढे हवेत, खोकं न फोडता. कितीही जुळवाजुळव करा, जमणार नाही. ६ आणि १५ चा मसावि ३ आहे आणि २०० ला तीनाने भाग जात नाही. २०१ मागा, लगेच जमेल: १५ ची तेरा खोकी आणि ६ चं एक. तुकड्या पाडताना मसावि ‘किती’ ते सांगतो. इथे तो ‘होणारच नाही’ असंही सांगतो.

नेमकं हेच भास्कराचार्यांनी ११५० मध्ये ‘लीलावती’त सांगितलं. भाज्य (जिला गुणायचं ती संख्या) आणि हार (जिने भागायचं ती) यांना ज्या संख्येने भाग जातो, तिने क्षेपालाही (मिळवायच्या संख्येलाही) गेला पाहिजे. नाही गेला तर तो प्रश्नच ‘दुष्ट’, म्हणजे सदोष. चाळीसगावजवळच्या पाटण इथे भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने मठ स्थापल्याचा शिलालेख आहे. महाराष्ट्राच्या मातीत हे शिकवलं जात होतं.

आता त्या आकड्यांविषयी. ‘लीलावती’च्या कुट्टकात भास्कराचार्य विचारतात: २२१ ला कोणत्या संख्येने गुणून ६५ मिळवले, तर १९५ ने निःशेष भाग जाईल? मसावि १३. त्याने ६५ लाही भाग जातो, म्हणजे प्रश्न दुष्ट नाही. तेराने सगळं छाटलं की १७, ५ आणि १५ उरतात. शिक्षकांनो, हे उदाहरण उद्या फळ्यावर लिहा. सर्वांत लहान उत्तर ५ आहे, पण मुलांना ते स्वतः शोधू द्या.