'आ' आनिमालचा

आपल्या अंकलिपीत 'अ' अननसाचा. जिल देल्यूझ या फ्रेंच तत्त्वज्ञाच्या माहितीपटात 'आ' आनिमालचा, म्हणजे प्राण्याचा. अंगाला घासणारी कुत्री-मांजरं आपल्याला आवडत नाहीत, असं सांगून देल्यूझ थेट गोचिडीवर येतात. गोचीड उजेडाच्या ओढीने फांदीच्या टोकाशी चढते, खालून जनावर गेलं की त्याच्या वासाने स्वतःला सोडून देते, मग स्पर्शाने कमी केसांची जागा शोधते. एवढ्या अफाट निसर्गातल्या या तीनच गोष्टी मिळून तिचं जग होतं. 'जग असणं' म्हणजे काय, हे इतकं सोपं करून सांगितलेलं मी दुसरीकडे कुठे ऐकलेलं नाही.

प्येर-आंद्रे बुतांग यांनी १९८८-८९ मध्ये हा माहितीपट देल्यूझ यांच्या पॅरिसमधल्या घरी चित्रित केला. लांबी सुमारे साडेसात तास. प्रश्न विचारणाऱ्या क्लेर पार्ने त्यांच्या जुन्या विद्यार्थिनी. 'ए फॉर ॲपल'च्या धर्तीवर त्या अक्षर आणि शब्द देतात, आणि देल्यूझ बोलू लागतात. त्यांच्यामागच्या आरशात पार्ने दिसत राहतात. लेखकांवरच्या माहितीपटांत हमखास येणारं जन्मघर, आवडतं कॅफे, कबर, यांतलं इथे काहीच नाही. श्वासाच्या आजाराने थकलेला एक माणूस खुर्चीत बसून विचार करतो, अडखळतो, पुन्हा शब्द जुळवतो. मला वाटतं, विचार घडताना दाखवायचा तर कॅमेऱ्याने असंच थांबून राहायला हवं.

देल्यूझ मुळात टीव्हीपासून चार हात दूर राहणारे. त्या काळी फ्रान्समध्ये शुक्रवारी रात्री बेर्नार पिव्हो यांचा 'आपोस्त्रोफ' लागायचा आणि त्यात झळकलेली पुस्तकं भराभर खपायची. हा कार्यक्रम १९७५ ते १९९० असा पंधरा वर्षं चालला. अशाच प्रसिद्धीच्या वातावरणात १९७७ मध्ये 'नवे तत्त्वज्ञ' म्हणून गाजलेल्या तरुण मंडळींवर देल्यूझ यांनी कडक टीका केली होती. पुस्तकापेक्षा पुस्तकाबद्दलची चर्चाच मोठी होऊ लागली आहे, हा त्यांचा आक्षेप होता. म्हणूनच बुतांग यांना होकार देताना त्यांनी अट घातली, की हे चित्रण आपल्या मृत्यूनंतरच दाखवायचं. त्यामुळे चित्रपटभर ते मोकळे आहेत. 'टी'ला टेनिस येतं आणि बोर्ग-मॅकेन्रोवर ते रंगून बोलतात. 'डब्ल्यू'ला तत्त्वज्ञ विट्गेन्श्टाइनचं नाव निघताच मात्र चिडतात आणि विषय आटोपता घेतात.

पुढे अट त्यांनीच सैल केली. १९९४-९५ मध्ये आर्ते वाहिनीवर माहितीपट दाखवला गेला आणि ४ नोव्हेंबर १९९५ रोजी देल्यूझ गेले.

इंग्रजी उपशीर्षकांसह तो आता पाहता येतो. साडेसात तास एका बैठकीत पाहू नका. रात्री जेवणं झाली की एक अक्षर पाहा आणि तेवढ्यावर थांबा. सुरुवात गोचिडीपासूनच करा.