पणजोबांचा ओळंबा आणि पणतीचा झगा

'मी स्वप्नात उडतो, आणि उडताना हे स्वप्न आहे हेही मला पक्कं ठाऊक असतं. तरी विजेच्या तारा आल्या की मी अंग चोरून खालून जातो. असं का?' एका वाचकाचा हा प्रश्न दोन आठवडे माझ्या टेबलावर पडून आहे. मला यातल्या तारा फार आवडल्या. शॉक बसणार नाही याची खात्री असलेला माणूस शॉक चुकवतोय!

असल्या स्वप्नाला ल्युसिड ड्रीम म्हणतात. आपण सजग स्वप्न म्हणू. मूळ इंग्रजी नाव १९१३ साली रूढ केलं फ्रेडरिक फान एडन या डच मनोविकारतज्ज्ञाने. त्याने स्वतःची ३५२ सजग स्वप्नं टिपून ठेवली होती. उडण्याची स्वप्नं पडू लागली की सजग स्वप्न जवळ आलं, असं त्याचं निरीक्षण होतं. पण उडण्यातली खरी तज्ज्ञ म्हणजे मेरी अर्नोल्ड-फॉर्स्टर ही इंग्लिश बाई, आणि तिचं नाव कुणी घेत नाही.

तिची गोष्ट तिच्या पणजोबांपासून सांगायला हवी. नेव्हिल मॅस्किलिन हे इंग्लंडचे राजज्योतिषी. १७७४ साली ते स्कॉटलंडमधल्या शिहॅलियन डोंगरावर ढग-पाऊस सोसत मुक्काम ठोकून बसले. कशासाठी? तर डोंगर ओळंब्याला आपल्याकडे ओढतो का, हे बघायला. गवंडी भिंत सरळ आहे का ते बघतो, तोच ओळंबा; फक्त इथे भिंतीऐवजी तारे. डोंगराच्या उत्तरेला आणि दक्षिणेला मोजमाप घेतलं, आणि दोन्हीकडचा ओढा मिळून फरक निघाला साडेअकरा विकलांच्या आसपास. रुपयाचं नाणं चारशे मीटरवरून दिसेल, जेमतेम तेवढा कोन. त्यावरून पुढे पृथ्वीची घनता काढली गेली, पाण्याच्या साडेचार पट. आजचा आकडा साडेपाच आहे. ओळंबा आणि चिकाटीच्या जोरावर एवढं जवळ जाणं म्हणजे कमालच.

गुरुत्वाकर्षणाचा असा हिशेब मांडणाऱ्याच्या पणतीने १९२१ साली पुस्तक लिहिलं, ते स्वप्नांवर. त्यात एक अख्खं प्रकरण उडण्याचं. पायाने जमीन हलकेच ढकलायची, हात वल्ह्यासारखे मारायचे. ती घारीसारखी उंच जात नसे. बहुतेक वेळा जमिनीपासून थोडी वर, तरंगत. आणि लोकांच्या नजरा आपल्याकडे वळू नयेत म्हणून तिच्या स्वप्नाने तिला एक खास झगा शिवून दिला होता, पावलांच्याही खाली दोन बोटं लोंबणारा! पाय टेकलेले नाहीत हे कुणाला दिसायला नको. स्वप्नातल्या लोकांचीसुद्धा भीड. वाचकाच्या तारा आणि मेरीबाईंचा झगा एकाच कापडाचे आहेत.

आता कारण. स्वप्नांच्या झोपेत मेंदू स्नायूंना जवळजवळ पूर्ण सैल सोडतो. तळव्यांवर भार नाही, गुडघ्यांकडून खबर नाही. तोल सांभाळणारी मेंदूतली यंत्रणा मात्र चालूच असते, पण तिची चूक दाखवायला ओळंबाच शिल्लक नसतो. मग उडणं सोपं. उरतो फक्त आपला अनुभव. तारेला हात लावायचा नसतो, काच पडली की फुटते, हे मेंदूने जन्मभर घोकलेलं असतं. स्वप्न आहे हे कळल्याने घोकंपट्टी पुसली जात नाही. फान एडनने स्वप्नात काचेच्या पेल्यावर मुठीने प्रहार केला, पेला तसाच. थोड्या वेळाने वळून बघतो तर फुटलेला! नाटकात बंदुकीचा बार उशिरा व्हावा, तसं. म्हणून तारा तुम्ही चुकवता, महाशय.

हे सारं थापांच्या खात्यात जमा झालं असतं, पण या झोपेत डोळ्यांचे स्नायू मोकळे असतात. इंग्लंडमधल्या हल विद्यापीठात एप्रिल १९७५मध्ये कीथ हर्नने ॲलन वर्स्ली नावाच्या माणसाला सांगून ठेवलं, की स्वप्नात जाग आली की डोळे आठ वेळा डावी-उजवीकडे फिरव. सकाळी यंत्राच्या कागदावर ती खूण ठरल्याप्रमाणे उमटली. श्रेय मात्र बव्हंशी गेलं स्टॅनफर्डच्या स्टीफन लाबर्जकडे. त्याने नंतर हेच स्वतंत्रपणे केलं आणि वेळेवर छापलं. हर्नचा निकाल प्रबंधात अडकून राहिला.

हल्ली 'हवं ते स्वप्न पाहा' म्हणत मुखवटे आणि गोळ्या विकल्या जातात. ते घेणाऱ्यांनी एक आकडा लक्षात ठेवावा. २०२१ साली चार देशांतल्या प्रयोगशाळांनी झोपलेल्यांना 'आठातून सहा गेले किती' असले प्रश्न विचारले. माणसं निवडक, यंत्रं उत्तम, तरी १५८ प्रयत्नांपैकी बरोबर उत्तरं जेमतेम १८ टक्के. घरी मागवलेला मुखवटा याहून काय मोठा पराक्रम करणार?

प्रश्न विचारणाऱ्या वाचकाला एक विनंती. तुम्ही पत्रात लिहिलंय की उड्डाण नेहमी गच्चीवरून करता. ते बदला. मेरीबाईंसारखं जमिनीवरून वर चढायचा सराव करा. आपण स्वप्नात आहोत हा अंदाज एखाद्या रात्री चुकला, तर पणजोबांचा ओळंबा तिथेच टांगलेला आहे.