येशूचा चेहरा कुणी लिहिला?

जक्कय नावाचा माणूस बुटका होता, हे शुभवर्तमानकार लूक आवर्जून सांगतो. गर्दीत येशू दिसेना म्हणून तो उंबराच्या झाडावर चढला. बाप्तिस्मा देणारा योहान उंटाच्या केसांचं वस्त्र पांघरत असे आणि कमरेला कातड्याचा पट्टा बांधत असे, हेही शुभवर्तमानांत आलं आहे. ज्याच्यासाठी ही शुभवर्तमानं लिहिली गेली तो मात्र उंच होता की ठेंगणा, सावळा की गोरा, दाढी राखत होता की नाही, याबद्दल मत्तय, मार्क, लूक आणि योहान या चौघांनीही एक अक्षर लिहिलेलं नाही. गेथशेमाने बागेत त्याला धरायला आलेल्यांना तो ओळखू यावा म्हणून त्याचाच शिष्य यहूदा याला चुंबनाची खूण ठरवावी लागली. शिष्यांच्या घोळक्यात तो वेगळा उठून दिसत नसावा, एवढा अंदाज त्यावरून बांधता येतो. पुनरुत्थानानंतर मरीया मग्दालियाला तर तो बागेतला माळीच वाटला.

हे मौन पुढच्या पिढ्यांना सोसवलं नाही. ज्याच्यावर जीव जडतो त्याचा चेहरा डोळ्यांपुढे हवासा वाटतोच. दुसऱ्या शतकापासून थेट चौदाव्या-पंधराव्या शतकापर्यंत, बायबलमध्ये कधीच जागा न मिळालेल्या लिखाणातून येशूची, प्रेषित पौलाची आणि येशूची आई मरिया हिची रूपवर्णनं येत राहिली. या बायबलबाह्य साहित्याला अपोक्रिफा म्हणतात. ‘खोटे ग्रंथ’ असं म्हणून ते बाजूला सारण्याची रीत मला मान्य नाही. येशू कसा दिसत होता हे त्यांना ठाऊक नव्हतंच. पण कोणत्या काळातल्या माणसांना तो कसा दिसायला हवा होता, हे त्यांच्याइतकं उघडपणे दुसरं कोणतंही साहित्य सांगत नाही.

यातलं सर्वांत जुनं आणि ठसठशीत वर्णन येशूचं नाही, पौलाचं आहे. ‘पौल आणि थेक्ला यांची कृत्यं’ या दुसऱ्या शतकातल्या कथेत अनेसिफर नावाचा गृहस्थ इकुन्य शहराबाहेरच्या (आजचं तुर्कस्तानातलं कोन्या) रस्त्यावर पौलाची वाट पाहत उभा आहे. त्याने पौलाला कधी पाहिलेलं नाही. पौलाचा सहकारी तीत याने सांगितलेल्या खुणा तेवढ्या त्याच्यापाशी आहेत. समोरून जो येतो तो ठेंगणा, टकला, पायांनी फेंगडा, अंगाने निरोगी, भुवया जुळलेल्या, नाक काहीसं बाकदार, आणि मुद्रेवर मोठी कृपा. कधी माणसासारखा दिसणारा, कधी देवदूताच्या चेहऱ्याचा. इतकं रोखठोक वर्णन वाचून अनेकांना ही खरी आठवण वाटली, कारण भक्त आपल्या गुरूला उगाच टकला आणि फेंगडा कशाला करील? पण त्या काळच्या ग्रीक-रोमन वाचकाला या खुणा कुरूप वाटत असतीलच असं नाही. रॉबर्ट ग्रँट या अभ्यासकाने १९८२ मध्ये प्राचीन ग्रीक कवी आर्किलोकस याने रंगवलेल्या सेनापतीकडे लक्ष वेधलं: दिसायला बुटका आणि फेंगडा, पण पाय घट्ट रोवून उभा राहणारा आणि काळजाचा धीट. पौलाचं हे चित्र त्याच साच्यातलं असावं, असं ग्रँट म्हणतात, आणि मला ते पटतं.

या कथेच्या लेखकाविषयी तर्तुलियन या ख्रिस्ती लेखकाने इ.स. २०० च्या सुमारास एक हकिकत नोंदवून ठेवली आहे. आशिया प्रांतातल्या एका धर्मगुरूने ती रचली होती. पकडला गेल्यावर, पौलावरच्या प्रेमापोटी हे केलं, असं त्याने कबूल केलं आणि त्याचं पद गेलं. पद गेलं, पण चेहरा टिकला. पुढे पौलाची चित्रं टकलाच्या आणि टोकदार दाढीच्या खुणेनेच ओळखली जाऊ लागली. रोममधल्या थेक्लाच्या नावाच्या भुयारी दफनभूमीत चौथ्या शतकातलं पौलाचं असंच चित्र साफसफाईत उघडं पडलं; ते २००९ मध्ये जगाला दाखवण्यात आलं.

येशूच्या बाबतीत आरंभीचे ख्रिस्ती लेखक जुन्या करारातल्या दोन उताऱ्यांत अडकले होते. यशयाच्या ५३व्या अध्यायातल्या देवाच्या सेवकाला रूप नाही, सौंदर्य नाही. ४५व्या स्तोत्रातला राजा सगळ्या माणसांत सुंदर आहे. दोन्ही ठिकाणी येशूचंच भाकीत आहे असं मानलं, तर तो दिसायला कसा होता म्हणायचं? सेल्सस या ख्रिस्तीविरोधी तत्त्वज्ञाने १७८ च्या सुमारास हल्ला चढवला: देव देहात उतरला असेल तर तो देह इतरांहून देखणा हवा, आणि हा तर बुटका आणि कुरूप होता म्हणे. सुमारे सत्तर वर्षांनी ओरिगेन या ख्रिस्ती पंडिताने त्याला उत्तर दिलं. यशयाची ओळ त्याने मान्य केली, बुटकेपणाला आधार नाही म्हणून सांगितलं आणि पुढे जाऊन म्हटलं की पाहणाऱ्याची जेवढी कुवत तेवढं येशूचं रूप त्याला दिसे.

ही कल्पना ओरिगेनची एकट्याची नव्हती. ‘योहानाची कृत्यं’ या ग्रंथात ती याआधीच कथारूपाने येते. किनाऱ्यावरून येशू हाक मारतो तेव्हा होडीतल्या शिष्यांपैकी याकोबाला तिथे लहान मूल दिसतं, योहानाला देखणा पुरुष. होडी काठाला लागल्यावर योहानाला टक्कल आणि दाट दाढी दिसते, तर याकोबाला नुकती दाढी फुटलेला तरुण. योहान त्याच्या छातीला टेकतो तेव्हा ती कधी मऊ लागते, कधी दगडासारखी कठीण. तो चालतो, पण जमिनीवर पाऊल उमटत नाही. ‘पेत्राच्या कृत्यां’त दृष्टी परत मिळालेल्या आंधळ्या विधवांपैकी कुणाला म्हातारा दिसतो, कुणाला तरुण, कुणाला मुलगा. ‘थोमाच्या कृत्यां’त, म्हणजे गोंडोफरनीस राजाच्या भारतात प्रेषित थोमाला आणणाऱ्या सिरियाकडच्या ग्रंथात, वाटेवरच्या एका राजकन्येच्या लग्नाच्या रात्री येशू शयनगृहात थेट थोमाच्याच रूपात बसलेला आढळतो. या लेखकांना चेहऱ्याची माहिती नव्हती, आणि तो एकच असावा असं वाटतही नव्हतं. चर्चला यात धोका दिसला, तोही रास्त होता: देह असा क्षणोक्षणी बदलणारा असेल, तर क्रुसावर वेदना कुणाला झाल्या?

याच ‘योहानाच्या कृत्यां’त मला या सगळ्या साहित्यातली सर्वांत श्रेष्ठ वाटणारी गोष्ट आहे. इफिस शहरातला लुकोमेदेस आपल्यावर उपकार केलेल्या योहानाचं चित्र चित्रकाराकडून गुपचूप काढून घेतो, आपल्या खोलीत ठेवतो, त्याला हार घालतो, पुढे दिवे लावतो. वृद्ध योहान ते पाहतो आणि हा कुठला तुझा देव, असं विचारतो. त्याने स्वतःचा चेहरा आयुष्यात पाहिलेला नसतो. लुकोमेदेस आरसा आणतो, तेव्हा योहानाला पटतं की चित्र हुबेहूब उतरलं आहे. हुबेहूब, पण माझ्या देहासारखं, असं तो म्हणतो. आणि विश्वास, ज्ञान, प्रेम अशा रंगांनी मनातलं चित्र काढायला लुकोमेदेसला सांगतो. आठव्या शतकात चर्चमधल्या प्रतिमांना विरोध करणाऱ्या मूर्तिभंजकांनी हीच गोष्ट आपल्या बाजूने पुढे केली. ७८७ मध्ये चर्चच्या नायसियातल्या दुसऱ्या परिषदेने प्रतिमांचा मान कायम ठेवला आणि हा ग्रंथ निषिद्ध ठरवला. पाचशेहून अधिक वर्षांपूर्वीच्या एका कथेची परिषदेला दखल घ्यावी लागली, यातच तिची ताकद दिसते.

आता ‘लेंतुलसचं पत्र’. आज सर्वाधिक फिरतं ते हेच, म्हणून त्याच्यापाशी जरा थांबायला हवं. यहूदियाचा कुणी पुब्लियस लेंतुलस नावाचा रोमन अधिकारी रोमच्या सिनेटला कळवतो: इथे येशू ख्रिस्त नावाचा पुरुष प्रकट झाला आहे, पाहणाऱ्याला प्रेमही वाटावं आणि भयही. केस कच्च्या हेझलनटच्या रंगाचे, कानांपर्यंत सरळ आणि खाली कुरळे, मधोमध भांग; नितळ कपाळ, चेहऱ्यावर सुरकुती नाही की डाग नाही; दाढी दाट आणि टोकाशी दुभंगलेली. त्याला हसताना कुणी पाहिलेलं नाही, रडताना मात्र पाहिलं आहे.

लेंतुलस नावाचा कुणीही यहूदियाचा अधिपती नव्हता. येशूच्या सेवाकार्याच्या आणि क्रुसाच्या काळात तिथे पंतय पिलात होता. त्या प्रांताचा अधिकारी सम्राटाला जबाबदार असे, सिनेटला नव्हे. आणि पत्रात आलेली, सगळ्या माणसांत सुंदर ही ४५व्या स्तोत्रातली ओळ रोमन सरदाराच्या तोंडी कशी यावी? लोरेंझो वाल्ला या इटालियन पंडिताने १४४० मध्ये पोपच्या सत्तेचा आधार मानलेलं कॉन्स्टंटाइनचं दानपत्र बनावट ठरवलं, तेव्हा याही पत्राला त्याने त्याच पंक्तीत बसवलं. एर्न्स्ट फॉन डोब्शुट्झ या जर्मन अभ्यासकाने १८९९ च्या आपल्या ग्रंथात त्याच्या हस्तलिखितांची छाननी केली. पत्राचा माग मध्ययुगाच्या अखेरीपलीकडे जात नाही. चौदाव्या शतकातल्या लुडॉल्फ या कार्थुसियन भिक्षूच्या येशूचरित्रात हे वर्णन आहे आणि तिथून ते छापखान्यांपर्यंत पोचलं.

चित्रं मात्र फार आधीची आहेत. सिरियातल्या दुरा-युरोपोसच्या घर-चर्चमधला, २४० च्या सुमाराचा येशू दाढीविना आहे. दाढी आणि लांब केस चौथ्या शतकात येतात. सिनाईच्या मठातल्या सहाव्या शतकाच्या चित्रात ते पक्के झालेले दिसतात. म्हणजे पत्र पाहून चित्रं निघाली नाहीत. पिढ्यान् पिढ्या पाहिलेल्या चित्रांचं वर्णन कुणीतरी पत्रात उतरवलं. न हसणारा येशूही त्या चित्रांतलाच. शुभवर्तमानांतला येशू लग्नाच्या पंगतीत बसतो, मुलांना कवेत घेतो, त्याला खादाड म्हणून हिणवतात. पत्रातला येशू मात्र एखाद्या मठातल्या मौनाला साजेसा आहे.

मरियेचं वर्णन एपिफानियस भिक्षूच्या नावाने बायझंटाईन ग्रंथांत आलं: मध्यम बांधा, गव्हाळ रंग, बोलणं मोजकं. ऑगस्टीन या ख्रिस्ती पंडिताने मात्र पाचव्या शतकाच्या आरंभीच लिहून ठेवलं होतं की येशूचा किंवा मरियेचा चेहरा आपल्याला ठाऊक नाही, प्रत्येक जण तो वेगळाच कल्पितो, आणि त्याने श्रद्धेला बाध येत नाही.

ऑगस्टीनचा हा मोकळेपणा पुढे हरवला. वसईच्या, मुंबईच्या, गोव्याच्या कितीतरी घरांत दिसणारा गोरा, पिंगट केसांचा येशू युरोप-अमेरिकेतल्या छापील चित्रांतून आला. अमेरिकन चित्रकार वॉर्नर सॉलमनच्या १९४० च्या एकाच चित्राच्या पन्नास कोटी प्रती निघाल्याचं सांगतात. गोव्यात जन्मलेले, शांतिनिकेतनात शिकलेले चित्रकार आंजेलो द फोन्सेका (१९०२–१९६७) यांनी मरियेला साडी नेसवली, तिला इथल्या बाईचा वर्ण दिला, तेव्हा गोव्यात त्यांच्यावर टीका झाली आणि त्यांनी आयुष्याचा मोठा काळ पुण्याच्या ख्रिस्त प्रेम सेवा आश्रमात काढला. टीका करणाऱ्यांना खरा चेहरा ठाऊक होता असं मुळीच नाही. त्यांना सवयीचा चेहरा ठाऊक होता, आणि फोन्सेका यांच्यावर त्यांनी अन्याय केला, असं माझं स्पष्ट मत आहे.

लेंतुलसचं पत्र कुणी डोळ्यांनी पाहिलेली साक्ष म्हणून तुमच्याकडे पाठवलं, तर पाठवणाऱ्याला त्याचं शतक जरूर कळवा. आणि गोव्याला जाल तेव्हा पर्वरीच्या झेवियर सेंटर ऑफ हिस्टॉरिकल रिसर्चमध्ये फोन्सेका यांच्या चित्रांचा संग्रह आहे. आधी चौकशी करून तो अवश्य पाहा.